हरलेला कौल, जिंकलेली निवडणूक

आता भाऊसाहेब बांदोडकरांच्या कारकिर्दीतल्या एका प्रश्नाकडे येऊ. पेडण्यात जन्मलेले हे खाणमालक 1963 साली गोव्याचे पहिले मुख्यमंत्री झाले. त्यांच्या महाराष्ट्रवादी गोमंतक पक्षाचं मुख्य वचन एकच होतं: महाराष्ट्रात विलीनीकरण. जनमत कौल निःपक्षपाती व्हावा, अशी विरोधकांची मागणी होती; म्हणून कौलाआधी त्यांच्या सरकारनं राजीनामा दिला.

16 जानेवारी 1967. विलीनीकरणासाठी फूल, वेगळ्या गोव्यासाठी दोन पानं. फुलाला 1,38,170 मतं, पानांना 1,72,191. म्हणजे पक्षाचा पायाच गेला, नाही का? पण दोनच महिन्यांनी निवडणूक झाली आणि तोच पक्ष पुन्हा सत्तेवर आला!

हे कसं झालं? माझ्या मते लोकांनी दोन प्रश्न वेगळे ठेवले. गावोगावी निघालेल्या मराठी प्राथमिक शाळा आणि 1964 चा कूळ कायदा बहुजनांनी अनुभवला होता. भाऊसाहेबांनीही निकाल मानला आणि गोव्याचाच कारभार केला, 1973 साली मृत्यू येईपर्यंत. ज्या वेगळ्या गोव्याला त्यांचा विरोध होता, तो घडवण्यात त्यांचाच मोठा वाटा आहे, हे विसरून चालणार नाही.