लातूरचे ते वीस दिवस

मी लातुरात शाळेत इतिहास शिकवतो. १७ सप्टेंबरचं, मराठवाडा मुक्तिदिनाचं झेंडावंदन झालं की मुलं हैदराबादच्या निजामाबद्दल, त्याच्या बाजूनं लढलेल्या रझाकारांबद्दल विचारतात, आणि हल्ली त्यांचे निम्मे प्रश्न सिनेमातून आलेले असतात. ‘आरआरआर’ पाहिलेल्या मुलांना वाटतं, आदिवासी नेता कोमराम भीम इंग्रजांशी लढला. तो लढला निजामाच्या सरकारशी, जंगल-जमिनीच्या हक्कासाठी, आणि १९४० मध्ये जोडेघाटला मारला गेला. जोडेघाट आणि आपलं किनवट तेव्हा एकाच जिल्ह्यात होतं. सिनेमानं इतिहास बदलणं नवं नाही; टॅरेंटिनोनं २००९ मध्ये पडद्यावर हिटलरला पॅरिसच्या थिएटरात मारलं. पण हिटलर खरा कसा मेला हे जगाला ठाऊक आहे. भीमाचं तसं नाही. त्याची गोष्ट अनेकांना सिनेमातूनच पहिल्यांदा कळते, म्हणून तिथं शत्रू बदलणं जास्त महागात पडतं.

रझाकारांवर २०१५ मध्ये मराठीत आणि २०२४ मध्ये तेलुगूत सिनेमा आला. ते अत्याचार दाखवायलाच हवेत. २९ ऑक्टोबर १९४६ रोजी बिलोलीजवळ अर्जापूरला स्वातंत्र्यसैनिक गोविंदराव पानसरे यांना रझाकारांनी ठार केलं. गावंच्या गावं जीव मुठीत धरून बार्शी-सोलापूरकडे गेली. रझाकारांचा म्होरक्या कासिम रझवी लातूरचाच वकील.

पण १९४८ मध्ये भारताची फौज आली, सूड उगवला आणि गोष्ट संपली, असं आमच्याकडे घडलं नाही. या लष्करी कारवाईनंतर, म्हणजे पोलीस अ‍ॅक्शननंतर, केंद्र सरकारनं पाठवलेल्या पंडित सुंदरलाल समितीनं या भागात फिरून अहवाल लिहिला. हैदराबाद संस्थानात किमान २७ ते ४० हजार माणसं मारली गेली, असा तिचा अंदाज. सर्वाधिक झळ बसलेल्या जिल्ह्यांत उस्मानाबाद आणि नांदेड होते. लातूर तेव्हा उस्मानाबादेत. कच्छी मुसलमान व्यापाऱ्यांच्या या पेठेत वीसहून जास्त दिवस कत्तल चालली, हजारावर माणसं गेली, आणि दहा हजार मुसलमानांपैकी जेमतेम तीन हजार गावात उरले, असं समितीनं नोंदवलं. रझवीला मात्र खटला आणि तुरुंग मिळाला. १९५७ मध्ये सुटून तो पाकिस्तानात गेला. त्याच्या पापाची किंमत त्याच्या गावच्या दुकानदारांनी आणि मजुरांनी मोजली.

त्याच अहवालात आणखी एक नोंद आहे. काही गावांत हिंदू विणकरांनी आपल्याच धर्माच्या जमावासमोर उभं राहून मुसलमान विणकरांना वाचवलं, आणि त्यात काहींनी स्वतःचा जीव गमावला. पानसरे आणि हे विणकर मी एकाच तासाला शिकवतो. त्यानं हुतात्म्यांचा मान तसूभरही कमी होत नाही. ते जुलमाविरुद्ध लढले होते, शेजाऱ्याविरुद्ध नाही. या मातीवर पुढचा सिनेमा जो कुणी काढेल, त्यानं फौज आल्यानंतरचे ते वीस दिवस दाखवावेत, आणि ते विणकरही.