मळ्यातनं येऊ नको

1985 सालातली थंडी आहे. तुम्ही अनगोळात आहात, रात्रीचे आठ वाजायला आलेत आणि सायकलीत हवा भरून झाली तरी तुम्ही अंगणातच घुटमळताय. आतून आईचा आवाज येतो.

"कुठं चाल्ल्यास?"

"गावात."

"भुताचा पिक्चर काय?"

तुम्ही उत्तर देत नाही. पदराला हात पुसत ती दारात येते. "जा की. पण येताना रस्त्यानं ये. मळ्यातनं येऊ नको."

वडगावच्या बाजूनं शिवारातून येणारी वाट जवळची आहे, पण ती चिंचेखालून जाते. आईला त्या चिंचेचं काय वाटतं ते तुम्हाला ठाऊक आहे. तिनं ते कधी बोलून दाखवलेलं नाही, तरीही ठाऊक आहे.

दुसरं रेल्वे गेट पडलंय. मीटरगेजची गाडी जाईपर्यंत तुम्ही एक पाय जमिनीला टेकवून उभे राहता. मग काँग्रेस रोड लागतो. 1924 साली गांधीजी ज्या एकमेव काँग्रेस अधिवेशनाचे अध्यक्ष होते, ते इथंच भरलं होतं. त्या अधिवेशनासाठी खोदलेली विहीर अंधारात नुसती कठड्यापुरती दिसते. पुढे गावात दिवे आहेत, शेंगांच्या गाड्या आहेत आणि थिएटरच्या दारावर भलंमोठं रंगवलेलं पोस्टर. पुराना मंदिर. दिग्दर्शक तुलसी आणि श्याम रामसे. खाली ठळक 'ए'. तुम्ही सतरा वर्षांचे आहात. वय विचारलंच तर एकोणीस सांगायचं, हे वाटेतच ठरलंय. कुणी विचारत नाही.

ही फिल्मची पेटी इथं कशी पोचली, त्यातही एक गंमत आहे. 1956 साली राज्यं नव्यानं आखली गेली आणि बेळगाव म्हैसूर राज्यात गेलं, पण हिंदी सिनेमाच्या वितरकांनी आपला नकाशा बदलला नाही. त्यांच्या लेखी हा भाग मुंबई सर्किटमध्येच राहिला. मोठ्या शहरांत फिरून, चरे पडून, तुटून, पुन्हा जोडून प्रिंट तुमच्यापर्यंत येते. पडद्यावर पाऊस पडतोय असं वाटतं, तो पुष्कळदा फिल्मवरचे ओरखडे असतात.

दिवे जातात. दोनशे वर्षांपूर्वीचा काळ. विजापूरचा राजा हरिमानसिंह, त्याची वाट चुकलेली राजकन्या आणि सामरी नावाचा नरराक्षस. 'विजापूर' ऐकताच थिएटरात हशा पिकतो. इथल्या प्रत्येकानं विजापूर पाहिलेलं आहे. एस.टी.तून उतरलं की कोरडं ऊन, काळा दगड, गोल घुमट. पडद्यावरच्या विजापुरात यातलं काही नाही. हशा विरतो आणि तुम्ही खुर्चीत पुढे सरकता. नाव खोटं असलं तरी त्या भिंतींची ओल खरी आहे.

ती ओल कुठून आली ते बघायला चौदा-पंधरा वर्षं मागे चला.

तुम्ही महाबळेश्वरात आहात. पहाटेचं धुकं इतकं दाट की हाताची बोटं दिसत नाहीत. एका बसमधून माणसं उतरताहेत, आणि त्यातली निम्मी एकाच घरातली आहेत. वडील फतेहचंद उत्तमचंद रामसिंघानी. फाळणीआधी कराचीत त्यांचं रेडिओचं दुकान होतं. गोऱ्या गिऱ्हाइकांच्या जिभेवर आडनावाचं 'रामसे' झालं, आणि मुंबईत लॅमिंग्टन रोडवर नवं दुकान थाटल्यावरही तेच राहिलं. मुलगे सात. कुमार पटकथा लिहितो, तुलसी आणि श्याम दिग्दर्शन करतात, गंगू कॅमेऱ्यामागे असतो, किरण ध्वनी सांभाळतो, अर्जुन आणि केशू बाकीचं. घरातल्या बायका चुलीपाशी बसून सगळ्या युनिटचा स्वयंपाक करताहेत. मुलांनी सिनेमा शिकला तो जोसेफ मॅसेली यांच्या छायाचित्रणावरच्या एका पुस्तकातून, काश्मीरमधल्या हाऊसबोटीत बसून.

यांना भुताची वाट सापडली ती एका अपयशातून. वडिलांनी काढलेला 'एक नन्ही मुन्नी लडकी थी' 1970 साली पडला. मुलगे थिएटरात जाऊन प्रेक्षकांकडे बघत बसले, तेव्हा त्यांच्या लक्षात आलं की भेसूर मुखवटा घातलेले पृथ्वीराज कपूर चोरी करायला येतात, त्या एकाच प्रसंगाला खुर्च्या हलतात. मग बाकीचं सगळं टाकून फक्त त्या प्रसंगाचा सिनेमा का करू नये? 'दो गज जमीन के नीचे' 1972 साली येईल. खर्च सुमारे 3.5 लाख रुपये, चित्रीकरण जेमतेम 40 दिवसांचं. बायको आणि तिचा प्रियकर मिळून एका शास्त्रज्ञाला गाडून टाकतात आणि तो परत येतो.

तुम्ही झाडाआड उभे राहून बघता. दिवा एकच आहे, धुक्याच्या मागे. समोर माणसाची नुसती आकृती. सेट बांधायला पैसे नाहीत, आणि इथं तो बांधावाही लागत नाही. सह्याद्रीचा पाऊस, गंजलेले गज, शेवाळलेली पायरी, हे सारं फुकट मिळतं. पुढच्या काळात मुरूडचा नवाबाचा राजवाडाही असाच रामसेंची हवेली झाला. मराठी प्रेक्षकानं आपल्याच डोंगराला आणि आपल्याच समुद्रकाठाला पडद्यावर घाबरून पाहिलं, आणि ती जागा आपली आहे हे त्याच्या ध्यानातही आलं नाही. रामसेंवर लिहिणारे बहुतेक जण राक्षसाच्या चेहऱ्यावर लिहितात. त्यांचं खरं कसब जागा निवडण्यात होतं, असं मला ठामपणे वाटतं.

आता थोडं दूर जाऊ, कारण असाच एक माणूस त्याच सुमाराला फ्रान्समध्ये होता. 1968, मे महिन्याचे शेवटचे दिवस. पॅरिसमध्ये संप आहे, रस्त्यांवरचे दगड उपसलेले आहेत. अशात ज्याँ रोलँ नावाच्या एकोणतीस वर्षांच्या दिग्दर्शकाचा पहिला मोठा चित्रपट लागतो, रक्तपिपासू स्त्रियांचा. नवं काही लागलेलंच नाही, म्हणून गर्दी होते. गोष्टीचा थांग लागत नाही म्हणून लोक पडद्यावर हाताला येईल ते फेकतात. तुम्ही मागच्या रांगेत खाली वाकून बसता. पण त्यात तुम्हाला एक समुद्रकिनारा दिसतो. डिएपजवळचा गोट्यांचा किनारा, पांढरे कडे, पाण्यात ओळीनं शिरत गेलेले लाकडी खांब. रोलँनं 1958 साली आपला पहिला लघुपट तिथंच काढला होता, आणि पुढे तो जन्मभर तिथं परतत राहिला. निर्मात्यांना उघडी शरीरं हवी होती, ती त्यानं दिली. पोटासाठी दुसरं नाव लावून अश्लीलपटही काढले. पण तो किनारा त्यानं सोडला नाही.

इंग्रज लेखक पीट टूम्ब्सनं 1994 साली कॅथल टोहिलबरोबर 'इम्मॉरल टेल्स' लिहिलं. युरोपातल्या भय आणि शृंगाराच्या सिनेमावरच्या या पुस्तकात रोलँला मानाचं पान आहे. त्याच टूम्ब्सनं पुढे 'मॉन्डो मकाब्रो' या पुस्तकात रामसेंची दखल घेतली. एकाच वाचकाला हे दोघे शेजारी दिसले, याचं मला नवल वाटत नाही. हातात पैसा नाही, समीक्षकांचा मान नाही, आणि एक ओली, पडकी जागा मात्र आहे. दोघांच्या हातात भांडवल तेवढंच होतं.

पण दोघांत एक फरक आहे, आणि तो मला जास्त महत्त्वाचा वाटतो. तो कळायला पुन्हा आपल्या खुर्चीत यावं लागेल.

राजा सामरीचं मुंडकं उडवायला सांगतो. मरताना सामरी शाप देतो की या वंशातली प्रत्येक स्त्री बाळंतपणात मरेल. मुंडकं एका पेटीत, धड दुसरीकडे. काळ पुढे सरकतो. ठाकूर झालेले प्रदीपकुमार बाहेर येरझारा घालताहेत आणि आत त्यांची बायको बाळंत होते आहे. किंकाळी फुटते. तिचा चेहरा विद्रूप होत जातो आणि ती मरते. आतापर्यंत शिट्ट्या मारणारं खालचं थिएटर एकदम गप्प होतं. तुम्ही वर बाल्कनीकडे बघता. तिथं मोजक्या बायका आहेत, आणि त्यातल्या एकीनं मान खाली घातली आहे.

ती भीती राक्षसाची नव्हे. बाळंतपणाला बसलेली बाई उठेलच याची खात्री नसण्याचे दिवस त्या बाल्कनीला आठवताहेत. रामसेंच्या हाताला इथं खरी नस लागली होती. त्यांनी तिचं काय केलं? मुलगी मोठी होते. आरती गुप्ता. तिच्या अंगावरून कॅमेरा रेंगाळतो, न्हाणीघराचा प्रसंग येतो आणि शिट्ट्या पुन्हा सुरू होतात. मग जगदीपचा 'शोले'च्या नकलेचा डाकू येतो, आणि तो लवकर जात नाही. 'अर्धसत्य'मधल्या रामा शेट्टीनं नुकतेच गाजलेले सदाशिव अमरापूरकर दिसताच आपल्या माणसाला हाक मारावी तसे लोक ओरडतात. मधेच चित्र उडी मारतं. सेन्सॉरची कात्री की झिजलेली प्रिंट, हे तुम्हाला कळत नाही. (कार्तिक नायर यांनी 2024 सालच्या 'सीइंग थिंग्ज' या अभ्यासात असे व्रण भयाचाच भाग म्हणून वाचले आहेत. ते वाचल्यावर मला माझ्या गावातल्या त्या फाटक्या प्रिंटांबद्दल नव्यानं माया वाटली.)

शेवटी परत कोण येतो? सामरी. मुंडकं धडाला जोडून, डोळे तांबडे करून, भिंत फोडून. दोनशे वर्षं बाळंतपणात मेलेल्या बायकांपैकी एकही येत नाही. 1972 मध्ये थडग्यातून उठला तोही नवराच. 1990 च्या 'बंद दरवाजा'त उठेल तोही पुरुषच. 1988 च्या 'वीराना'त मात्र एक चेटकीण जास्मिनच्या देहात शिरून पुरुषांना भुलवत फिरते. रामसेंच्या सिनेमात शृंगार आणि भय खऱ्या अर्थानं एकाच बाईत उतरलं ते तिथं. पण तिथंही तिचं दुःख काय, हे विचारायला कुणी थांबत नाही. रोलँ थांबतो. 1982 सालच्या त्याच्या जिवंत प्रेताच्या चित्रपटात मेलेली मुलगी उठते तेव्हा तिला आपली बालमैत्रीण आठवते, आणि ती मैत्रीण तिला भूक लागते म्हणून माणसं आणून देते. तिथंही नग्नता आहे, बाजारही आहे. तरी रोलँच्या मेलेल्या बायकांना आठवणी असतात. आपल्याकडे तर ही गोष्ट रामसेंच्या कितीतरी आधीपासून होती. बाळंतपणात गेलेली बाई हडळ होते, अळवंत होते, हे कोकणात आणि देशावर कुणालाही सांगावं लागत नाही. महाबळेश्वरचं धुकं त्यांनी घेतलं, मुरूडचा वाडा घेतला. त्या मातीतली ही बाई मात्र घ्यायची राहिली.

खेळ सुटतो. साडेबारा. जमाव चौकाचौकांत विरत जातो आणि वडगावजवळ तुम्ही एकटे उरता. एखाद्या घरात माग अजून चालू आहे, खटखट ऐकू येते. आईचं तुम्ही ऐकत नाही, मळ्यातली वाट धरता. धुकं भाताच्या खुंटांवर गुडघाभर बसलंय. डायनामोचा दिवा चाक फिरेल तसा कमीजास्त होतो. चिंच जवळ येते तशी तुमच्या डोळ्यांसमोर सामरी यायला हवा, पण तो येत नाही. दिसतो तो बाल्कनीतल्या त्या बाईचा खाली झुकलेला चेहरा. तुम्ही पायडल मारत राहता, आणि दिवा लख्ख होतो.

आई जागीच आहे. पायांना लागलेला चिखल तिला दिसतो, पण ती काही बोलत नाही. पाण्याचा तांब्या पुढे करते.

"काय दावलं?"

तुम्ही सांगता. राजा, मुंडकं, शाप. मग थोडं थांबून, बाळंतपणात मरणाऱ्या बायका.

आई कंदिलाची वात सारखी करत असते. तिची धाकटी बहीण तशीच गेली. तुमच्या जन्माआधी, त्याच शिवाराच्या कडेच्या घरात. त्या घरात आता कुणी राहत नाही.

"मग ती परत आली काय?"

"कोण?"

"ती बाई."

"न्हाई. राक्षसच येतोय परत."

आई वात खाली करते. अंधारात तिचा आवाज तेवढा येतो.

"न्हाई कशी?"