१३ मे : पी. साईनाथ यांचा जन्म

खेड्यापाड्यांचे वार्तांकन हेच आयुष्यभराचे काम मानणारे पत्रकार पालगुम्मी साईनाथ यांचा जन्म १९५७ साली मद्रासमध्ये झाला. मुंबईच्या ‘ब्लिट्झ’ साप्ताहिकात उपमुख्य संपादक असलेल्या साईनाथांनी १९९३ मध्ये पाठ्यवृत्ती घेऊन देशातल्या अतिगरीब जिल्ह्यांची वाट धरली.

त्यांचा जोर आकडेवारीपेक्षा कारभाराच्या तऱ्हा दाखवण्यावर. ओडिशातली एक हकीकत पाहा: संकरित जनावरे वाढावीत म्हणून सरकारी योजनेत गावठी वळूंचे सरसकट खच्चीकरण झाले. दूध काही वाढले नाही. खरियार जातीचा वळू मात्र त्या भागातून नाहीसा झाला. हसावे की रडावे!

हे लेखन १९९६ मध्ये इंग्रजीत पुस्तकरूपाने आले. मराठीत ते ‘दुष्काळ आवडे सर्वांना’.

पुढे ‘द हिंदू’साठी त्यांनी विदर्भातल्या शेतकरी आत्महत्यांचा पाठपुरावा केला. मुंबईतल्या फॅशन वीकला पत्रकारांची झुंबड आणि त्याच वेळी कापूस पिकवणाऱ्या विदर्भात मोजकेच बातमीदार, ही विसंगती त्यांनी वारंवार मांडली. ती आजही बोचते.

२००७ मध्ये त्यांना मॅगसेसे पुरस्कार मिळाला. २०१४ मध्ये त्यांनी सुरू केलेले ‘पारी’ हे ग्रामीण भारताचे संकेतस्थळ मराठीतही वाचता येते.