२० जून १९२९ : रसेल कर्श यांचा जन्म

मोबाइलमधला प्रत्येक फोटो ज्या चौकोनी ठिपक्यांनी, म्हणजे पिक्सेलांनी बनतो, त्यांचे जनक रसेल कर्श यांचा हा जन्मदिन. न्यूयॉर्कमध्ये जन्मलेले कर्श अमेरिकेच्या राष्ट्रीय मानक संस्थेत अभियंता होते. १९५७ मध्ये त्यांनी आपल्या तीन महिन्यांच्या मुलाचा, वॉल्डनचा, फोटो फिरत्या ड्रमवर चढवून ‘सीॲक’ या संगणकात उतरवला. चित्र १७६ बाय १७६ ठिपक्यांचे, जेमतेम ५ सेंटिमीटर. यंत्राला काळा की पांढरा एवढेच कळे. म्हणून करड्या छटांसाठी तोच फोटो प्रकाशाची पातळी बदलून पुन्हा पुन्हा वाचला.

बाळाच्या फोटोमुळे झाकले गेलेले त्यांचे दुसरे काम मात्र तितकेच मोलाचे. सूक्ष्मदर्शकाखालच्या पेशी संगणकाला ‘वाचता’ याव्यात, यासाठी ते खटपट करत होते. १९६६ मध्ये लुईस लिपकिन आणि वॉट यांच्यासह त्यांनी जैविक प्रतिमांच्या विश्लेषणावर निबंध लिहिला. आज पॅथॉलॉजीच्या काचपट्ट्या स्कॅन करून पडद्यावर तपासल्या जातात, त्या वाटेवरचे हे सुरुवातीचे पाऊल. चौकोनी पिक्सेल ही आपली चूकच, असे कर्श उतारवयात म्हणत आणि वेगळ्या आकारांचे पिक्सेल सुचवत. ११ ऑगस्ट २०२० रोजी पोर्टलंडमध्ये त्यांचे निधन झाले.