नाताळचा निवडुंग : रात्र मोजणारे झाड



निवडुंग म्हटला की बांधावरचा काटेरी फड डोळ्यांपुढे येतो. पण घरात कुंडीत लावतात तो नाताळचा निवडुंग निराळा. चपट्या पेरांच्या माळा आणि टोकाला गुलाबी-लाल फुले. याचे मूळ गाव ब्राझील देशातले, रिओ द जानेरोजवळचे डोंगर. तिथे तो ओल्या जंगलात झाडांच्या फांद्यांवर, शेवाळात रुजतो. बांडगूळ नव्हे बरं का, झाडाचा रस तो पीत नाही! १८१९ साली हॉवर्थ या इंग्रज शास्त्रज्ञाने त्याचे वर्णन केले.

ब्राझीलमध्ये याला 'मे महिन्याचे फूल' म्हणतात, आणि युरोपात तो फुलतो नाताळच्या सुमारास. असे का? तिकडे मे महिन्यात रात्री मोठ्या होत असतात, एवढेच. हे कोडे सुटले मात्र तंबाखूमुळे. अमेरिकेत मेरीलँड मॅमथ नावाचा तंबाखू उन्हाळाभर नुसता उंच वाढायचा, फूलच धरायचा नाही. मग बी कुठून आणायचे? सरकारी शेती खात्यातील गार्नर आणि अ‍ॅलार्ड यांनी झाडे दुपारीच अंधाऱ्या खोपीत नेऊन ठेवली. दिवस आखूड झाला आणि झाडे फुलली! १९२० साली त्यांनी हे प्रसिद्ध केले. पुढे १९३८ साली हॅमनर व बॉनर यांनी शंखेश्वर तणावर दाखवले की झाड दिवस नव्हे, रात्र मोजते. मध्यरात्री थोडा वेळ दिवा लागला तरी त्याचा हिशेब मोडतो.

शेवंतीवाल्यांनो, हे तुमच्या कामाचे आहे. शेवंतीही रात्र मोजते. मळ्याच्या कडेला रस्त्याचा दिवा रात्रभर जळत असेल, तर त्या बाजूच्या ओळी मागे पडतात आणि बोल लागतो रोपांना. दिव्यावर आडोसा करा. निवडुंगाची कुंडीही दिव्याच्या खोलीत ठेवू नका. सहा आठवडे रोज १२ ते १४ तास सलग अंधार आणि गारवा मिळाला की कळ्या धरतात.

आता बियांचे. रानात हमिंगबर्ड नावाचा चिमुकला पक्षी मधासाठी येतो आणि पराग वाहून नेतो. स्वतःच्या परागाने या झाडाला सहसा फळ धरत नाही. एका झाडाच्या दहा कुंड्या केल्या तरी ते झाड एकच, म्हणून बी हवे असेल तर दुसऱ्या वाणाचा पराग आणून लावावा. नुसते रोप हवे असेल तर दोन-तीन पेरे पिळून काढा, एक-दोन दिवस सावलीत सुकू द्या आणि ओलसर, निचऱ्याच्या मातीत खोचा.