घरात रांगतं बाळ आहे? आधी या जागा तपासून घ्या

बाळ सात-आठ महिन्यांचं झालं की रांगायला लागतं आणि वर्षाच्या आसपास काहीतरी धरून उभं राहतं. कालपर्यंत जिथं हात पोचत नव्हता, तिथं आज पोचतो. मोबाईलवरच्या व्हिडिओत टेबलाच्या कोपऱ्याला फोम लावायला सांगतात. आपल्याकडं टेबल कमी. हौद, चूल आणि फवारणीची औषधं जास्त. म्हणून आपल्या घरांचा विचार करूनच ही माहिती देत आहोत.

पाणी : आवाज येत नाही

बाळ बुडायला विहीर लागत नाही. अर्धी भरलेली बादलीसुद्धा पुरते. लहान मुलाचं डोकं अंगाच्या मानानं जड असतं. ते बादलीत वाकलं की तोल जातो आणि परत वर येता येत नाही. तोंड पाण्यात असल्यानं रडण्याचा आवाज येत नाही, शेजारच्या खोलीतल्या आईलाही कळत नाही.

नळाला दिवसाआड पाणी येतं, त्यामुळं भांडी भरून ठेवावीच लागतात. हे खरं आहे. पण भरलेल्या टिपाला घट्ट झाकण हवं, नुसती फळी किंवा पोतं टाकून चालत नाही. जमिनीतल्या टाकीच्या झाकणाला कडी-कुलूप लावा. वापरून झालेली बादली उपडी घाला. मोरीला दार नसेल तर निदान कमरेएवढी फळी आडवी बसवून घ्या. गोठ्यातला हौद आणि शेततळं इथं लेकरू एकटं जाणार नाही, याची जबाबदारी घरातल्या एका माणसावर ठेवा. 'सगळे बघतायत' म्हणजे बऱ्याचदा कोणीच बघत नसतं. लग्नकार्याच्या दिवशी तर जास्तच.

फवारणीचं औषध आणि गोळ्या

सर्वांत मोठी चूक म्हणजे उरलेलं औषध थंड पेयाच्या बाटलीत ओतून ठेवणं. दोन वर्षांच्या मुलाला ती बाटली ओळखीची असते. रॉकेल, डिझेल, फिनेल, ॲसिड यांचंही तेच. औषध मूळ डब्यातच ठेवा, आणि डबा घराबाहेर कुलपाच्या पेटीत. बीजप्रक्रिया केलेलं गुलाबी, निळं बियाणं मुलांना गोळ्या-चॉकलेटसारखं दिसतं. पेरणीनंतर उरलेली पिशवी खाटेखाली टाकू नका. साप येऊ नये म्हणून घराभोवती थिमेटचे दाणे टाकायची सवय अजून काही ठिकाणी आहे. त्यातल्या फोरेट या विषावर देशात २०२० च्या अखेरपासून बंदी आहे, कारण ते माणसालाही तितकंच घातक आहे.

आजीच्या उशाखालच्या गोळ्याही बघा. शुगरची एक गोळीसुद्धा लहान मुलाच्या जिवावर बेतू शकते. गरोदरपणात मिळणाऱ्या लोहाच्या लाल गोळ्या मुलं गोड म्हणून चोखतात, त्या जास्त पोटात गेल्या तर विषासारख्या असतात. कुंपणाच्या चंद्रज्योतीच्या बिया आणि कपाटातल्या डांबरगोळ्याही याच यादीत धरा.

मुलानं काही प्यायलं असेल तर उलटी करायला लावू नका, मिठाचं पाणी पाजू नका. रॉकेल उलटीबरोबर फुप्फुसात जातं, ॲसिड घसा दुसऱ्यांदा जाळतं. कपड्यांवर औषध सांडलं असेल तर कपडे काढा, अंग साबण-पाण्यानं धुवा, १०८ ला फोन करा आणि डबा किंवा बाटली दवाखान्यात सोबत न्या. डबा बघितला की डॉक्टरांचा वेळ वाचतो.

चूल आणि कढत पाणी

चूल जमिनीवर असेल तर भोवती विटांचा कठडा करा. वरण, चहा, दूध जमिनीवर उतरवून ठेवायची आपली पद्धत, आणि रांगतं बाळ नेमकं तिकडंच जातं. अंघोळीच्या बादलीत आधी गार पाणी घ्या, मग कढत ओता. भाजलंच तर साधं वाहतं पाणी २० मिनिटं सोडा. बर्फ, हळद, टूथपेस्ट, शाई काहीही लावू नका.

घशात अडकणं

शेंगदाणा, फुटाणे, डाळिंबाचे दाणे, चिंचोके, सुपारीचं खांड, मणी. दाढा नीट आल्या नसल्यानं मुलाला शेंगदाणा चावता येत नाही, तो श्वासनलिकेत जातो. अख्खे दाणे देऊ नका, कूट करून द्या. रिमोट आणि खेळण्यांतला बटण सेल गिळला तर 'शी मधून पडेल' म्हणून थांबू नका. तो अन्ननलिकेत अडकला तर दोन तासांतच आतून भाजतो. लगेच मोठा दवाखाना गाठा.

वर्षाच्या आतल्या बाळाचा श्वास अडकला तर त्याला हातावर पालथं घ्या, डोकं खाली ठेवा आणि दोन खांद्यांच्या मध्ये तळहातानं ५ थापा मारा. नाही निघालं तर उताणं करून छातीच्या मधोमध दोन बोटांनी ५ वेळा दाबा. वस्तू निघेपर्यंत हे आलटून पालटून करत राहा, दुसऱ्याला १०८ लावायला सांगा. वस्तू दिसत नसताना तोंडात बोट घालू नका, ती आणखी आत जाते.

गळ्यातला काळा दोरा, ताईत झोपेत आवळू शकतो. दृष्टीसाठी बांधायचाच असेल तर पायात सैल बांधा.

अंगण, वीज, विंचू

लोखंडी कूलर आणि पाण्याची मोटर यांना अर्थिंग आहे का, हे वायरमनकडून बघून घ्या. मेन बोर्डात ईएलसीबी बसवला तर शॉक लागताच वीज तुटते. कडबाकुट्टी बंद असली तरी प्लग काढून ठेवा. ट्रॅक्टर मागं घेण्याआधी उतरून चाकामागं बघा, वरून रांगतं पोर दिसत नाही. चाकाचा वॉकरही नको. कॅनडात त्याच्या विक्रीवर २००४ पासून बंदी आहे, कारण मुलं त्यातून पायऱ्यांवरून पडतात. सपाट अंगणात आपला लाकडी पांगुळगाडा त्याच्यापेक्षा बरा.

मण्यार रात्री जमिनीवर झोपलेल्याला चावते आणि चावल्याची खूण दिसेलच असं नाही. बाळाला बाजेवर, कडेनं नीट खोचलेल्या मच्छरदाणीत झोपवा. लाल विंचू चावून मुलाला घाम सुटला, उलट्या झाल्या, हातपाय गार पडले तर मंत्र-तंत्रात वेळ घालवू नका. महाडचे डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी प्राझोसिन या गोळीनं असे रुग्ण वाचवता येतात हे दाखवून दिलं आहे. तिचा डोस वजनावर ठरतो, म्हणून ती डॉक्टरांनीच द्यायची.