शिरोडकर, मीनाक्षी

(११ ऑक्टोबर १९१६ – ३ जून १९९७). मराठी व हिंदी चित्रपटांतील गायक-अभिनेत्री. पूर्वाश्रमीच्या रतन पेडणेकर. हे आडनाव गोव्याच्या उत्तर टोकाच्या पेडण्याचे. लहानपणापासून गाण्याची तालीम मिळाली. मुंबई नभोवाणीवरील श्रुतिकांतून त्यांचा आवाज परिचित झाला. १९३६ मध्ये डॉ. शिरोडकर यांच्याशी विवाह झाला. हंस पिक्चर्सचे छायालेखक पांडुरंग नाईक यांनी आग्रह धरला आणि पतीच्या संमतीने त्या पडद्यावर आल्या.

आचार्य अत्रे यांच्या लेखणीतून उतरलेला आणि मास्टर विनायक यांनी दिग्दर्शित केलेला ब्रह्मचारी (१९३८) हा पहिलाच चित्रपट. ब्रह्मचर्यावरचे व्याख्यान ऐकून नायक औदुंबर घरातल्या नट्यांच्या तसबिरी फेकून देतो, आणि मीनाक्षींनी रंगवलेली किशोरी त्याचे व्रत हां हां म्हणता मोडते. पोहण्याच्या पोशाखात गाणाऱ्या या किशोरीने सनातन्यांत गहजब उडवला. पुढची साठ वर्षे बाईंची ओळख त्या एका गाण्यापुरतीच राहिली, हा अन्यायच म्हटला पाहिजे.

त्यांची उमेदीची वर्षे दुसऱ्या महायुद्धाच्या काळात गेली. ब्रँडीची बाटली (१९३९) व अर्धांगी (१९४०) यांनंतर कच्च्या फिल्मचा तुटवडा पडला. सरकारने चित्रपटाची लांबी ११,००० फुटांवर आणली, फिल्मचे वाटप परवान्याखाली घेतले आणि युद्धप्रयत्नाला पूरक कथांचा आग्रह धरला. विनायकांच्या प्रफुल्ल पिक्चर्सच्या माझं बाळ (१९४३) मध्ये मीनाक्षींची प्रमुख भूमिका होती. आशा भोसले यांचे पहिले चित्रपटगीत याच चित्रपटातले.

बडी माँ (१९४५) हा त्या काळचा खास नमुना. जपानी आक्रमणाची धास्ती विनायकांनी त्यात कौटुंबिक नाट्यात गुंफली. नूरजहाँ, ईश्वरलाल, याकूब, सितारा, दामुअण्णा मालवणकर आणि छोट्या भूमिकेत लता मंगेशकर अशा गर्दीत मीनाक्षीही होत्या. संगीत के. दत्ता, म्हणजे दत्ता कोरगावकर यांचे.

युद्ध-प्रचारपट म्हणून बडी माँ विस्मरणात गेला, आणि त्याबरोबर बाईंचे कामही. १९४७ मध्ये विनायक निवर्तले. पुढच्या काळात मीनाक्षी संगीत रंगभूमीकडे वळल्या. अभिनेत्री नम्रता व शिल्पा शिरोडकर या त्यांच्या नाती.